विशेषनाम आणि सामान्यनाम : ललिता पवार ह्यांच्या कलाजीवनाचा ऐतिहासिक विचार

१. प्रश्नाचे स्वरूप

विशेषनामाचे सामान्यनाम कसे होते, हा मराठी व्याकरणातील परिचित विषय आहे. 'कळीचा नारद', 'घरचा शकुनी', 'झोपेचा कुंभकर्ण' असे प्रयोग आपण नित्य करतो. आणि त्या वेळी नारद, शकुनी, कुंभकर्ण ही एकेका व्यक्तीची नावे न राहता एकेका स्वभावाची नावे होतात. ही सर्व उदाहरणे पुराणांतून व महाकाव्यांतून आलेली आहेत. क्वचित इतिहासातूनही अशी नावे येतात. एखाद्या करारी मुलीला 'झाशीची राणी' म्हणतात, ते ह्याच रीतीने.

विसाव्या शतकात ह्या परंपरेत एक वेगळ्याच प्रकारची भर पडली. नाशिक जिल्ह्यातील लासलगावसारख्या बाजारपेठेच्या गावी, कांद्याचा लिलाव आटोपल्यावर घराकडे निघालेल्या बायकांच्या बोलण्यात, 'तिची सासू म्हणजे अगदी ललिता पवार' हे वाक्य सहज येऊन जाते. ते कोणी कोणाला समजावून सांगावे लागत नाही. पुण्यामुंबईतही ते तसेच समजते, आणि हिंदी बोलणाऱ्या प्रदेशातही. येथे सामान्यनाम झाले आहे ते कोणा पात्राचे नव्हे. ते पात्र वठविणाऱ्या नटीचे. रावणाची भूमिका करणाऱ्या नटाच्या नावाने कोणी दुष्ट माणसाला हाक मारीत नाही, सिंधूची भूमिका करणाऱ्या नटाच्या नावाने कोणी सोशीक स्त्रीला ओळखत नाही. मग ललिता पवार ह्यांच्याच बाबतीत असे का व्हावे?

लोकांनी ह्या प्रश्नाचे एक सोपे उत्तर फार पूर्वीच दिलेले आहे : एका चित्रपटाच्या वेळी त्यांना जोराची चपराक बसली, डोळा अधू झाला, आणि नायिकेची खलनायिका झाली. हे उत्तर खोटे नाही, परंतु अपुरे आहे. प्रस्तुत लेखात ललिताबाईंच्या जीवनक्रमाचा आढावा घेऊन ह्या उत्तराची मर्यादा दाखविण्याचा व त्यास पूरक अशी कारणे पुढे ठेवण्याचा हेतू आहे.

२. भूमी आणि पूर्वपीठिका

ललिता पवार ह्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवले येथे झाला. त्यांचे माहेरचे नाव अंबा. वडील लक्ष्मणराव सगुण हे रेशमी व सुती कापडाचे व्यापारी. येवले हे गाव पैठणीच्या व रेशमी वस्त्रांच्या विणकामासाठी प्रसिद्ध आहे, तेव्हा वडिलांचा व्यवसाय त्या गावच्या प्रकृतीस धरूनच होता. लासलगावहून विंचूरमार्गे पूर्वेस निघालेला रस्ता येवल्यास पोचतो. तेथून दक्षिणेस उतरले की गोदावरीकाठचे कोपरगाव लागते. हा सारा टापू पेशवाईच्या इतिहासाने भरलेला आहे. विंचूर हे विठ्ठल शिवदेव विंचूरकरांच्या घराण्याचे ठिकाण, आणि १८५७ च्या लढ्यातील सेनानी तात्या टोपे ह्यांचा जन्म येवल्याचा. ललिताबाईंच्या पुढील एका महत्त्वाच्या भूमिकेशी ह्या भूमीचा निकट संबंध आहे. त्याचा विचार यथास्थळ येईल.

भारतीय चित्रपटाच्या आरंभाशीही ह्याच जिल्ह्याचे नाते आहे. दादासाहेब फाळके ह्यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रकाशित झाला, आणि त्याच वर्षी त्यांनी आपला कारखाना नाशिकला आणला. 'राजा हरिश्चंद्रा'त तारामतीची भूमिका साळुंके ह्या पुरुष नटाने केली होती, कारण पडद्यावर येण्यास स्त्री मिळत नव्हती. नाशिक येथे तयार झालेल्या 'मोहिनी भस्मासुरा'त मात्र दोन स्त्रिया प्रथमच कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या : पार्वतीच्या भूमिकेत दुर्गाबाई कामत आणि मोहिनीच्या भूमिकेत त्यांची कन्या कमलाबाई. दोघीही फिरत्या नाटक कंपनीतून आलेल्या. ह्याच कमलाबाई पुढे कमलाबाई गोखले म्हणून रंगभूमीवर व चित्रपटांत दीर्घकाळ वावरल्या.

परंतु दोन स्त्रिया आल्या म्हणून रीत बदलली, असे झाले नाही. १९१७ च्या 'लंकादहना'त साळुंके ह्यांनीच राम व सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. मराठी संगीत रंगभूमीवर बालगंधर्वांचा काळ चालू होता आणि स्त्रीभूमिकेचे सौंदर्य, चालणे, बोलणे ह्यांचे मानदंड पुरुष नटांनी घालून दिलेले होते. घरंदाज स्त्रीने रंगभूमीवर अथवा पडद्यावर येणे हे अप्रतिष्ठेचे मानले जाई. १९३२ साली प्रभातच्या 'अयोध्येचा राजा' ह्या बोलपटात दुर्गा खोटे ह्यांनी तारामती साकारली, तेव्हा ती घटना चर्चेची झाली; कारण सुशिक्षित, प्रतिष्ठित कुटुंबातील स्त्री ह्या व्यवसायात उघडपणे आली होती. साळुंके ह्यांच्या तारामतीपासून दुर्गाबाईंच्या तारामतीपर्यंत एकोणीस वर्षे गेली. येवल्याच्या अंबेचे चित्रपटातील पदार्पण ह्या एकोणीस वर्षांच्या उत्तरार्धात पडते. ती कंपनीच्या घरात जन्मलेली नव्हती आणि तिच्यापाशी महाविद्यालयीन शिक्षणाची प्रतिष्ठाही नव्हती. ती व्यापाऱ्याची मुलगी होती, आणि तिने हा व्यवसाय बालवयातच पत्करला.

३. मूकपटांतील 'अंबू'

१९२० नंतरच्या दशकाच्या अखेरीस पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीत बालनटी म्हणून अंबेने काम सुरू केले. त्या काळी नटनट्या कंपनीच्या पगारी नोकर असत. मूकपटांत तिचे नाव 'अंबू' असे झळकले. पुढे दिग्दर्शक जी. पी. पवार ह्यांच्या अनेक चित्रपटांतून ती नायिका म्हणून आली, त्यांच्याशी विवाह झाला, आणि 'अंबू'ची 'ललिता पवार' झाली.

ह्या काळातील त्यांच्या कामाचे स्वरूप आजच्या वाचकास अपरिचित वाटेल. हे चित्रपट बहुतांशी साहसपट होते. घोडदौड, तलवारबाजी, वेषांतर ह्यांचा त्यांत भरणा असे, आणि नायिका संकटात सापडून रडत बसणारी नसे; ती स्वतः लढे. १९३१ चा 'दिलेर जिगर' हा जी. पी. पवार ह्यांचा मूकपट सुदैवाने टिकून राहिला आहे, त्यात ललिताबाईंचे हे रूप पाहावयास मिळते. १९३२ साली 'कैलास' ह्या मूकपटाच्या निर्मितीत त्यांनी भाग घेतला. १९३८ साली टॉल्स्टॉयच्या 'पुनरुत्थान' ह्या कादंबरीवर आधारलेला 'दुनिया क्या है' हा बोलपट त्यांनी काढला. म्हणजे वयाच्या बाविसाव्या वर्षापर्यंत ही स्त्री केवळ नटी राहिली नव्हती. भांडवल, कथानक आणि प्रदर्शन ह्यांची जबाबदारी घेणारी ती निर्मातीही होती. रशियन कादंबरीतील एका फसविल्या गेलेल्या स्त्रीची कथा तिने आपल्या निर्मितीसाठी स्वीकारावी, हे तिच्या महत्त्वाकांक्षेचे द्योतक आहे.

बोलपट आल्यावर अनेक मूकपट-नट्या मागे पडल्या. कोणाचा आवाज योग्य नव्हता, कोणाला हिंदी येत नव्हते. ललिताबाई टिकल्या. १९३५ च्या 'हिम्मत-ए-मर्दा'सारख्या साहसपटांबरोबर त्या मराठी चित्रपटांतूनही आल्या. भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर' (१९३९) आणि वि. स. खांडेकरांच्या कथेवरील, मास्टर विनायकांनी दिग्दर्शित केलेला 'अमृत' (१९४१) ही त्यांतील उल्लेखनीय नावे होत. एका बाजूस ऐतिहासिक कथानक, दुसऱ्या बाजूस दलितांच्या व श्रमिकांच्या प्रश्नाला हात घालणारी सामाजिक कथा. भूमिकांचा हा पल्ला लक्षात घेतला म्हणजे १९४२ पूर्वीच ही नटी एका साच्यात बसणारी नव्हती, हे स्पष्ट होते.

४. १९४२ चा अपघात आणि त्याचा अर्थ

१९४२ साली 'जंग-ए-आझादी' ह्या चित्रपटाच्या चित्रीकरणाच्या वेळी एका प्रसंगात सहनट भगवान ह्यांना ललिताबाईंच्या तोंडात मारावयाचे होते. फटका प्रमाणाबाहेर बसला. चेहऱ्याच्या एका बाजूस पक्षाघात झाला व डाव्या डोळ्याची शीर दुखावली. दीर्घकाळ उपचार झाले. तरी तो डोळा कायमचा बारीक राहिला. त्या वेळी त्यांचे वय पंचविशीच्या किंचित पुढे होते. पडद्यावरील नायिकेचा चेहरा हेच ज्या व्यवसायाचे भांडवल, त्या व्यवसायात ही हानी किती मोठी होती, हे सांगावयास नको.

प्रचलित आख्यायिका येथे थांबते आणि लगेच 'खाष्ट सासू'पाशी जाऊन पोचते. परंतु कालक्रम पाहिला तर मधली एक पायरी दिसते, आणि ती महत्त्वाची आहे. १९४४ साली प्रभात कंपनीचा 'रामशास्त्री' मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत प्रकाशित झाला. गजानन जागीरदारांनी त्यात न्यायमूर्ती रामशास्त्री प्रभुणे ह्यांची भूमिका केली, आणि ललिता पवार ह्यांनी आनंदीबाईंची. अपघातानंतरची त्यांची पहिली मोठी ओळख ही सासूची नव्हे. ती पेशवाईतील एका महत्त्वाकांक्षी स्त्रीची आहे.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणराव पेशव्यांचा वध केला, आणि रामशास्त्र्यांनी रघुनाथरावांस दोषी ठरविले, हा इतिहास होय. आनंदीबाईंनी पतीच्या पत्रातील 'धरावे' ह्या शब्दात 'ध'चा 'मा' केला आणि 'मारावे' असे वाचावयास लावले, ही मात्र कथा आहे. तसा फेरफार केलेला कागद इतिहाससंशोधकांच्या हाती आलेला नाही. तरीही 'ध चा मा करणे' हा वाक्प्रचार मराठीत इतका रुजला आहे की, कोणत्याही कागदावरील बनवाबनवीस तो लागू होतो. एका अक्षराने एका जिवाचा घात व्हावा, ही कल्पना लोकमानसास एवढी भावली की पुराव्याची गरजच उरली नाही. जिच्या नावे ही कथा चालते, त्या आनंदीबाईंचे उत्तरायुष्य ह्याच टापूत गेले. रघुनाथराव १७८३ साली कोपरगावी वारले. आनंदीबाईंचा अंत १७९४ साली नाशिकनजीकच्या आनंदवल्ली येथे झाला. येवल्यात जन्मलेल्या नटीने त्यांची भूमिका करावी, हा योगायोग खरा. परंतु त्यातील साम्य योगायोगापुरते नाही. पुराव्याहून बळकट ठरलेल्या एका कथेने आनंदीबाईंच्या आयुष्याचा अर्थ ठरवून टाकला. ललिताबाईंच्या बाबतीतही पुढे तसेच झाले.

आनंदीबाईंची भूमिका त्यापूर्वी रंगभूमीवर प्रस्थापित झालेली होती. कृ. प्र. खाडिलकरांचे 'भाऊबंदकी' हे नाटक १९०९ चे. त्यातील आनंदीबाई आरंभी पुरुष नटच करीत. पुढे १९५० नंतरच्या दशकात मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर दुर्गा खोटे ह्यांनी नानासाहेब फाटकांच्या राघोबादादांसमोर हीच भूमिका केली आणि ती गाजली. एकच ऐतिहासिक स्त्री, दोन समकालीन अभिनेत्री. दुर्गाबाईंना त्या भूमिकेने रंगभूमीवरील मान वाढवून दिला. ललिताबाईंना तिने एका वाटेवर आणून सोडले. ह्या भेदाचे मूळ दोघींच्या अभिनयगुणात नाही. दोघींच्या पुढे त्या त्या माध्यमाने काय ठेवले, त्यात आहे.

५. निनावी पात्रे

१९४७ नंतरच्या हिंदी व मराठी चित्रपटसृष्टीत कौटुंबिक चित्रपटाला बहर आला. एकत्र कुटुंब, हुंडा, सुनेचा छळ, मुलांची ताटातूट हे त्याचे विषय. व्ही. शांताराम ह्यांच्या 'दहेज'मध्ये (१९५०) ललिताबाईंनी हुंड्यापायी सुनेला छळणारी सासू केली. ह्या चित्रपटाचा हेतू हुंड्याचा धिक्कार हा होता, आणि तो साधावयाचा तर सासू भयंकर वाटणे आवश्यक होते. तेथून पुढे तशा भूमिकांची रीघ लागली. १९८० साली 'सौ दिन सास के' ह्या नावाचाच चित्रपट निघाला तेव्हा सासू कोण असणार, हे प्रेक्षकाला विचारावे लागत नव्हते.

येथे भाषेच्या दृष्टीने एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. कौटुंबिक चित्रपटांतील सासूला बहुधा नाव नसते. असले तरी ते कोणी उच्चारीत नाही. सून तिला 'माँजी' म्हणते, मुलगा 'माँ' म्हणतो, गडीमाणसे 'मालकीण' म्हणतात. मराठी घरातही सासूला नावाने हाक मारण्याची रीत नाही. 'सासूबाई', 'आत्याबाई' ही सारी नात्याची नावे होत. म्हणजे हे पात्र अनेक चित्रपटांतून वारंवार दिसे, ठळक असे, परंतु त्याला स्वतःचे विशेषनाम नसे. बोलणाऱ्या समाजाला तर त्या स्वभावासाठी एक नाव हवे होते. ती रिकामी जागा अभिनेत्रीच्या नावाने भरून काढली. दुर्गा खोटे ह्यांच्या बाबतीत असे होण्याचा संभवच नव्हता, कारण तारामती, आनंदीबाई, 'मुघल-ए-आझम'मधील (१९६०) जोधाबाई अशी त्यांची अनेक प्रमुख पात्रे आपापली नावे घेऊनच आली होती. पात्राला नाव असले की ते नटाच्या नावाला आपल्या जागी येऊ देत नाही.

ह्या मताची पडताळणी ललिताबाईंच्याच दुसऱ्या प्रकारच्या भूमिकांवरून करता येते. 'दाग'मध्ये (१९५२) त्या दिलीपकुमारच्या सोशीक आईच्या भूमिकेत होत्या. 'श्री ४२०'मध्ये (१९५५) केळी विकणारी मायाळू गंगामाई त्यांनी उभी केली. हृषीकेश मुखर्जी ह्यांच्या 'अनाडी'तील (१९५९) मिसेस डिसा ही तर त्यांच्या श्रेष्ठ भूमिकांपैकी एक. भाडेकरू तरुणावर तोंडाने खेकसणारी आणि अंतःकरणाने त्याची आई झालेली ही ख्रिस्ती घरमालकीण विषारी औषधाने प्राणास मुकते, आणि चित्रपटाची सारी नैतिक समस्या तिच्या मृत्यूभोवती फिरते. ह्या भूमिकेबद्दल त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. 'प्रोफेसर'मध्ये (१९६२) पोक्त वयातील कडक शिस्तीच्या स्त्रीच्या मनात उमलणारे प्रेम त्यांनी विनोदाच्या अंगाने, तरीही तिची अप्रतिष्ठा न होऊ देता दाखविले. 'आनंद'मध्ये (१९७१) रुग्णालयातील मेट्रन त्यांनी केली. ह्या भूमिका लोकांना आवडल्या, लक्षातही राहिल्या; पण 'ती किती प्रेमळ, अगदी ललिता पवार' असे कोणी म्हणत नाही. कारण मिसेस डिसा 'अनाडी'तच राहिली, गंगामाई 'श्री ४२०'मध्येच राहिली. नाव असलेले पात्र आपल्या चित्रपटाच्या चौकटीत राहते. निनावी पात्र चौकट ओलांडून व्यवहारात उतरते.

६. वाचिक अभिनय आणि अधू डोळा

लोकांनी सर्व श्रेय अथवा दोष डोळ्याला दिला आहे. तो बारीक झालेला डोळा छायालेखकांनी व दिग्दर्शकांनी हेतुपुरस्सर वापरला, ह्यात संशय नाही; संशय, कपट, तिरस्कार ह्यांचे ते एक तयार चिन्ह होऊन बसले. तथापि केवळ डोळ्याने सासू उभी राहत नाही. 'लेकी बोले सुने लागे' ही म्हण सांगते त्याप्रमाणे सासूचे शस्त्र शब्द हे आहे. तिचा टोमणा सरळ नसतो. तो तिसऱ्याच माणसाला उद्देशून बोललेला असतो, शब्दार्थाने निर्दोष असतो, आणि घाव मात्र नेमका घालतो. हे सारे स्वराच्या चढउतारात, वाक्यातील विरामात, एखादा शब्द लांबविण्यात असते. नाट्यशास्त्राने सांगितलेल्या चतुर्विध अभिनयापैकी हा वाचिक अभिनय होय.

ललिताबाईंच्या कलाजीवनातील खरे स्थित्यंतर येथे आहे. मूकपटातील 'अंबू' आंगिक अभिनयावर उभी होती : धावणे, घोड्यावर बसणे, तलवार चालविणे. चेहरा आणि देह ह्यांपैकी एक साधन अपघाताने हिरावून नेले, तेव्हा त्यांनी वाणी हे साधन परजले. त्यांच्या गाजलेल्या क्रूर भूमिका पाहिल्या तर त्या सर्व शब्दाने घात करणाऱ्या स्त्रिया आहेत. कथेतील आनंदीबाई एका अक्षराने मारते. सासू टोमण्याने मारते. 'संपूर्ण रामायण' (१९६१) ह्या चित्रपटात आणि पुढे १९८७–८८ मध्ये दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेत, अशी दोनदा साकारलेली मंथरा तर केवळ सल्ल्याने अयोध्या उद्ध्वस्त करते. कैकेयीच्या माहेरची ही कुब्जा दासी हातात शस्त्र घेत नाही, विष कालवीत नाही. ती फक्त बोलते. दूरदर्शनची ती मालिका गावोगाव पाहिली गेली तेव्हा ललिताबाईंनी सत्तरी ओलांडलेली होती. ज्या तरुण पिढीने 'दहेज' पाहिला नव्हता, तिलाही त्या स्वराची ओळख झाली, आणि 'मंथरा' हे जुने सामान्यनाम व 'ललिता पवार' हे नवे सामान्यनाम एकाच चेहऱ्यात मिसळून गेले.

मराठी व हिंदी ह्या दोन भाषांतील त्यांचा संचारही ह्या संदर्भात लक्षणीय आहे. मराठी मातृभाषेची ही नटी हिंदी चित्रपटात कधी हिंदी घरातील मालकीण झाली, कधी मुंबईची केळेवाली, कधी ख्रिस्ती घरमालकीण. ह्या तिघींचे हिंदी एक नव्हे. ज्या अभिनेत्रीला केवळ एकच सासू येते, तिला बोलीचे हे भेद राखता येत नाहीत.

७. आदरार्थी बहुवचनाचा लोप

विशेषनाम सामान्यनाम होते तेव्हा त्याचे व्याकरण बदलते. मराठीत आदरणीय व्यक्तीविषयी बोलताना अनेकवचनी क्रियापद योजतात : 'ललिताबाई आल्या', 'त्यांनी भूमिका केली'. परंतु 'तिची सासू म्हणजे ललिता पवारच आहे' ह्या वाक्यात 'बाई' हा आदरवाचक शब्द गळतो आणि क्रियापद एकवचनी होते. नाव पूर्ण, आडनावासह उच्चारले जाते, आणि तरीही त्यात व्यक्ती उरत नाही. व्याकरणाच्या दृष्टीने ही स्वाभाविक घटना आहे. व्यक्तीच्या दृष्टीने मात्र ती एक हानी आहे : पन्नास-साठ वर्षे कलेची सेवा करून जे नाव मिळविले, त्यातील आदर भाषेने काढून घेतला आणि नाव तेवढे ठेवले.

ह्या हानीला चित्रपट-इतिहासातील आणखी एका हानीने हातभार लावला आहे. भारतात मूकपटांच्या काळात तेराशेच्या वर चित्रपट निघाले. त्यांतील फारच थोडे आज पाहावयास मिळतात. नायट्रेटच्या फिती ज्वालाग्राही असत, काही जळाल्या, काही सडल्या, काहींतील चांदी काढून घेण्यात आली. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले तोपर्यंत बहुतेक मूकपट नष्ट झाले होते. त्यामुळे ललिताबाईंच्या तारुण्यातील काम 'दिलेर जिगर'सारख्या अपवादापुरते उरले, तर उत्तरायुष्यातील काम चित्रगृहांत, दूरदर्शनवर, घरोघरी पुनःपुन्हा दाखविले गेले. जे जपले गेले त्यावरून स्मृती बनली, आणि स्मृतीवरून शब्दाचा अर्थ बनला. घोड्यावर बसलेल्या अंबूच्या फिती टिकल्या असत्या, तर 'ललिता पवार' ह्या शब्दाचा अर्थ कदाचित इतका एकेरी झाला नसता.

८. उपसंहार

१९६१ साली ललिता पवार ह्यांना संगीत नाटक अकादमीचे पारितोषिक मिळाले. हिंदी, मराठी व गुजराती मिळून त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेच्या घरात सांगतात. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंध येथे त्यांचे निधन झाले.

त्यांच्या नावाचे सामान्यनाम होण्याची कारणे एकत्र मांडली तर ती अशी : अपघाताने चेहऱ्यावर ठेवलेले चिन्ह, स्वातंत्र्योत्तर कौटुंबिक चित्रपटाला हवी असलेली सासू, त्या पात्राचे निनावीपण, वाचिक अभिनयावरील त्यांचे असामान्य प्रभुत्व, आणि पूर्वकालीन चित्रपटांचा नाश. ह्यांपैकी पहिले कारण लोकांनी उचलले, कारण त्यात एक क्षण आहे, एक फटका आहे, कथा आहे. उरलेली चार कारणे कथेत बसत नाहीत. ती इतिहासात बसतात. 'ध'चा 'मा' झाला हे सांगणे सोपे असते. १७७३ चे राजकारण सांगणे अवघड असते. त्याचप्रमाणे एका चपराकीने एक सासू घडली हे सांगणे सोपे आहे. परंतु येवल्याची एक मुलगी बालनटी झाली, साहसपटांची नायिका झाली, बाविसाव्या वर्षी टॉल्स्टॉयच्या कथेवर चित्रपट काढणारी निर्माती झाली, अपघातानंतर पुन्हा उभी राहिली, आणि आनंदीबाईंपासून मिसेस डिसापर्यंत परस्परविरुद्ध स्वभावांच्या स्त्रिया आपल्या वाणीने तिने उभ्या केल्या, हे सांगितल्यावाचून तिचे चरित्र पुरे होत नाही.

भाषेने रूढ केलेला अर्थ कोणा अभ्यासकाच्या सांगण्याने बदलत नाही, आणि तो बदलावा असा आग्रहही येथे नाही. लासलगावच्या बाजारातून परतणारी बाई आपल्या शेजारणीच्या सासूला 'ललिता पवार' म्हणत राहील, आणि त्या म्हणण्यात, तिला ठाऊक असो वा नसो, एका अभिनेत्रीच्या सामर्थ्याची कबुलीच आहे. इतिहासलेखनाचे काम एवढेच की, त्या सामान्यनामाच्या मागे उभे असलेले विशेषनाम, आदरार्थी बहुवचनासह, नोंदवून ठेवावे.